अनुबोधपट आणि दूरदर्शनचा दरवाजा

व्याख्यानमालेच्या चालकांनी "दूरचित्रवाणीसाठी अनुबोधपट काढणारा निर्माता : त्याचे काम आणि कारकीर्द" हा विषय माझ्यापुढे ठेवला, तेव्हा मी त्यांना म्हटले, "अहो, मी कामगारांत वावरणारा माणूस. शाळा नववीत सुटली. तळोज्याला यंत्रावर उभा राहिलो आणि पुढे युनियनच्या कामाला लागलो. जे काही वाचले ते पाळी सुटल्यावर, गावच्या वाचनालयात बसून. सिनेमातले मला काय कळते?" त्यावर चालकांपैकी एक वडीलधारे गृहस्थ म्हणाले, "सिनेमावाल्याला बोलावले तर तो भिंगे सांगेल, वकिलाला बोलावले तर तो कलमे सांगेल. तुम्हाला जे दिसले ते तुम्ही सांगा." तेव्हा श्रोतेहो, जे दिसले तेच सांगतो. मात्र सगळ्या निर्मात्यांविषयी मी बोलणार नाही. एकाच माणसाची कारकीर्द घेतो, कारण त्यांचे चित्रपट आम्ही युनियनच्या खोलीत भिंतीवर चादर लावून पाहिले आहेत आणि त्यांवरून रात्री दोन-दोन वाजेपर्यंत आपापसांत भांडलो आहोत. त्यांचे नाव आनंद पटवर्धन.

आधी शब्दाचा खुलासा केला पाहिजे. येथे साठी उलटलेले जे कोणी असतील त्यांना आठवत असेल, की पूर्वी थिएटरात मुख्य चित्रपट सुरू होण्याआधी एक छोटी काळी-पांढरी फीत दाखवीत. त्यात धरण, पूर, पंतप्रधानांचा दौरा, देवीची लस. ती फिल्म्स डिव्हिजनची. हे सरकारी खाते १९४८ साली मुंबईत स्थापन झाले आणि त्याने काढलेल्या फिती दाखविणे थिएटरांना कायद्याने बंधनकारक होते. प्रेक्षक मात्र तेवढ्या वेळात बाहेर विडी ओढून घेत. २०२२ साली हे खाते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्याचा हुकूम निघाला. अनुबोधपट किंवा माहितीपट म्हणतात तो प्रकार आपल्यापैकी बहुतेकांनी पहिल्यांदा पाहिला तो असा, विडीच्या धुरातून. त्यात नट नसतात, रचलेली कथा नसते. घडते ते टिपायचे आणि त्यातून काही म्हणायचे.

या कामाची सुरुवातही एका मराठी माणसानेच केली, हे सांगितल्यावाचून मला पुढे जाववत नाही. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, ऊर्फ सावेदादा, यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये झालेली कुस्ती कॅमेऱ्यात पकडली. पुढे १९०१ च्या डिसेंबरात रँग्लर र. पु. परांजपे केंब्रिजहून परत आले तेव्हा त्यांचे मुंबईत झालेले स्वागतही त्यांनी टिपले. योगायोग पाहा : याच रँग्लरांची नात सई परांजपे पुढे दिल्ली दूरदर्शनवर निर्माती झाली, तेथे तिने अनुबोधपट आणि नाट्यपट केले, आणि दूरदर्शनसाठी केलेल्या अशा कामातूनच 'स्पर्श' आणि 'चश्मे बद्दूर' हे तिचे मोठे चित्रपट उगवले. दूरदर्शनच्या घरात राहून केलेली ती कारकीर्द. मी ज्यांच्याविषयी बोलणार आहे त्यांची कारकीर्द मात्र त्या घराच्या दारावर धडका देण्यात गेली.

निर्माता म्हणजे पैसे घालणारा शेठ, अशी आपली समजूत कथाचित्रांवरून झालेली असते. अनुबोधपटाच्या धंद्यात तसे नाही. येथे निर्मात्याला विषय शोधावा लागतो, पैसे उभे करावे लागतात, परवानग्या काढाव्या लागतात, पुष्कळदा कॅमेराही स्वतःच खांद्यावर घ्यावा लागतो, मग महिनोन् महिने बसून कापाकापी आणि जोडणी करावी लागते, आणि हे सगळे झाल्यावर ती वस्तू लोकांना दाखवावी लागते. पटवर्धनांनी बहुतेक सर्व चित्रपटांत ही सगळी कामे स्वतः केली आहेत. पूर्वीच्या काळचा हिशेब सांगतो, म्हणजे कल्पना येईल. सोळा मिलिमीटर रुंदीच्या फितीचे चारशे फुटांचे रीळ कॅमेऱ्यात चालते ते जेमतेम अकरा मिनिटे. एका तासाच्या चित्रपटासाठी दहा तासांचे चित्रण केले असे धरा, तर पंचावन्न रिळे लागतात. त्यांतले प्रत्येक विकत घ्यायचे, प्रत्येक प्रयोगशाळेत धुवून घ्यायचे. आवाज वेगळ्या यंत्रावर घ्यायचा आणि नंतर ओठांशी जुळवायचा. म्हणून मनुष्य बोलू लागला की निर्मात्याच्या पोटात गोळा येई : रीळ संपायच्या आत हा मुद्द्यावर येईल ना? आता फीत गेली, खिशातला फोनही चित्रण करतो. महाग राहिला आहे तो एकच माल, आणि तो म्हणजे वेळ. तो किती महाग, हे पुढे येईलच.

पटवर्धनांचा जन्म १८ फेब्रुवारी १९५० रोजी मुंबईत झाला. घराणे स्वातंत्र्यचळवळीतले. बेचाळीसच्या लढ्यात भूमिगत राहिलेले अच्युतराव पटवर्धन आणि नगरचे रावसाहेब पटवर्धन हे त्यांचे काका. आई निर्मला या शांतिनिकेतनात शिकलेल्या, मातीची भांडी घडविणाऱ्या नामवंत कलावती. मुंबईत इंग्रजी साहित्याची पदवी घेऊन ते शिष्यवृत्तीवर अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र शिकले. ते दिवस व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या निदर्शनांचे होते आणि ते त्यांत सामील झाले. पण मला त्यांच्या अमेरिकेतल्या दिवसांपैकी महत्त्वाचे वाटते ते १९७२ सालचे, सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेत स्वयंसेवक म्हणून घालविलेले दिवस. कॅलिफोर्नियात द्राक्षे तोडणाऱ्या मजुरांची ही संघटना. मळेवाले ऐकेनात, तेव्हा चावेझ यांनी शहरातल्या गृहिणींना द्राक्षे विकत घेऊ नका असे सांगितले आणि बहिष्काराच्या जोरावर १९७० साली मळेवाल्यांना करारावर सह्या करायला लावल्या. शेतातले भांडण शहरातल्या माणसाला दिसले पाहिजे, नाही तर ते शेतातच मरते, हा त्या चळवळीचा धडा. पटवर्धनांची पुढची सगळी खटपट याच धड्यावर उभी आहे, असे माझे मत आहे.

हिंदुस्थानात परत आल्यावर त्यांनी मध्य प्रदेशात 'किशोर भारती' या ग्रामीण शिक्षणाच्या प्रकल्पात काम केले आणि तेथून ते जयप्रकाशांच्या बिहार आंदोलनात ओढले गेले. ४ नोव्हेंबर १९७४ रोजी पाटण्याला मोठा मोर्चा निघायचा होता. पोलिसांच्या हालचालीचा पुरावा हवा म्हणून त्यांना फोटो काढायला सांगण्यात आले. त्यांनी दिल्लीहून एका मित्राला आणि त्याच्या हौशी माणसांच्या कॅमेऱ्याला, म्हणजे सुपर-आठ म्हणतात त्या अगदी अरुंद फितीच्या यंत्राला, बरोबर आणले. ही फीत घरच्या लग्नामुंजीची. थिएटरात चालणारी नव्हे. मग काय केले? ती पडद्यावर टाकली आणि पडद्यावरचे चित्र सोळा मिलिमीटरच्या कॅमेऱ्याने पुन्हा टिपले. चित्र भुरकट झाले, दाणेदार झाले. पण चित्रपट उभा राहिला : 'क्रांती की तरंगें'. तोवर जून १९७५ उजाडला आणि आणीबाणी आली. चित्रपट दाखविणे म्हणजे तुरुंगाला आमंत्रण. तेव्हा प्रतीचे तुकडे करून ते निरनिराळ्या प्रवाशांबरोबर देशाबाहेर पाठविण्यात आले आणि परदेशात पुन्हा जोडण्यात आले. त्यांचा हा पहिला चित्रपट, म्हणजे आपल्या देशात लपूनछपून दाखविलेला आणि तुकड्यातुकड्यांनी निर्वासित झालेला. आणीबाणी उठल्यावर १९७८ साली राजकीय कैद्यांवर त्यांनी 'जमीर के बंदी' काढला.

येथे एक गोष्ट मोकळेपणाने बोलतो. हे सगळे ज्याला जमले त्याच्या पाठीशी शिकलेले घर होते, इंग्रजी होते, परदेशात ओळखी होत्या. आमच्या तळोज्यातल्या पोराच्या हातात १९७५ साली कॅमेरा आला असता तर त्याने तो गहाण टाकला असता. यात पटवर्धनांचा दोष नाही. घरची पुण्याई त्यांनी कोठे खर्च केली तेवढेच आपण पाहायचे. पण ही विषमता विसरून नुसत्या धैर्याची गाणी गाणे मला पटत नाही.

कॅनडात मॅकगिल विद्यापीठात शिकत असताना त्यांनी जिम मनरो यांच्याबरोबर 'अ टाइम टु राइज' हा चित्रपट केला, १९८१ साली. ब्रिटिश कोलंबियातल्या मळ्यांवर राबणारे मजूर बव्हंशी पंजाबी. त्यांना कामावर लावणारे ठेकेदारही पंजाबीच! मजुरी तासावर नाही तर तोडलेल्या मालाच्या वजनावर, आणि तीही ठेकेदार देईल तेव्हा. या लोकांनी १९८० साली आपली युनियन बांधली, तिची ही कथा. आमच्या खोलीत हा चित्रपट दाखविला तेव्हा एक कंत्राटी कामगार म्हणाला, "भाषा कळली नाही, पण ठेकेदार ओळखला." एखाद्या अनुबोधपटाची याहून चांगली परीक्षा मी कोठे वाचलेली नाही.

आता मुंबईकडे येऊ. १९८१ च्या पावसाळ्यात मुंबईतल्या फुटपाथवरच्या झोपड्या पाडून माणसांना शहराबाहेर घालविण्याची मोहीम निघाली. प्रकरण न्यायालयात गेले आणि ओल्गा टेलिस खटल्याच्या निकालात १९८५ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो. मात्र रीतसर सूचना देऊन झोपड्या हलविण्याचा पालिकेचा अधिकारही कायम ठेवला. या काळात पटवर्धन झोपड्यांमध्ये कॅमेरा घेऊन फिरत होते. त्यातून १९८५ साली 'हमारा शहर' तयार झाला. एकीकडे दिवाणखान्यात बसून शहर स्वच्छ कसे करावे याची चर्चा करणारी सुशिक्षित मंडळी, दुसरीकडे त्याच शहराच्या इमारतींवर विटा वाहणारी आणि स्वतःच्या डोक्यावर फाटके प्लास्टिक ओढणारी माणसे. भाष्यकाराचा धीरगंभीर आवाज नाही, फिल्म्स डिव्हिजनचा असे तसा. दोन बाजू शेजारी ठेवल्या, आणि प्रेक्षकाला मध्ये उभे केले.

त्या चित्रपटातला एक प्रसंग मी विसरू शकत नाही. घर पडलेली एक बाई पटवर्धनांवरच उसळते. तुम्ही गरिबांची चित्रे काढणार, नाव कमावणार, आमच्यासाठी काय करणार, असा तिच्या बोलण्याचा मतलब आहे. दुसऱ्या एखाद्याने हा तुकडा कात्रीखाली टाकला असता. पटवर्धनांनी तो ठेवला. मला स्वतःला हा प्रसंग बोचतो, कारण युनियनचा पुढारी म्हणून असाच प्रश्न मी गेटवर कितीतरी वेळा ऐकला आहे, आणि प्रत्येक वेळी माझ्याकडे उत्तर होतेच असे नाही.

पटवर्धनांनी काय उत्तर दिले? चित्रपटाला राष्ट्रीय पारितोषिक मिळाले तेव्हा ते स्वतः गेले नाहीत. झोपडी पाडली गेलेल्या विमल दिनकर हेडाऊ यांना त्यांनी ते घेण्यासाठी दिल्लीला पाठविले. त्याच सुमारास, १९८६ साली, नरिमन पॉइंटजवळची संजय गांधी नगर ही वस्ती उठविण्यात आली, तेव्हा शबाना आझमी यांच्यासह ते उपोषणाला बसले आणि वस्तीतल्या लोकांना गोरेगावला जागा मिळाली. शहराने माणसे हलवायची आणि माणसांनी गप्प हलायचे, हे पनवेलकरांना वेगळे सांगायला नको. नवी मुंबईसाठी आपल्या भागातल्या जमिनी गेल्या. १६ आणि १७ जानेवारी १९८४ रोजी जासई-नवघरला शेतकऱ्यांवर गोळीबार झाला, त्यात पाच जण गेले. त्या दोन दिवसांविषयी मला जे ठाऊक आहे ते वडीलधाऱ्यांच्या तोंडून. ते सांगतात तेव्हा त्यांचे हात हलतात, कोण कोठे उभे होते ते दाखवितात. हात दाखविणारी पिढी आता थकली.

चित्रपट झाला, पारितोषिक झाले. आता लोकांना दाखवायचा कोठे? येथे खऱ्या विषयाला आलो.

आपल्याकडे दूरचित्रवाणी सुरू झाली १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत, आणि मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी. आमच्या आळीत पहिला संच आला तो १९८२ च्या एशियाडच्या सुमारास. ज्यांच्या घरी संच होता त्यांच्या ओटीवर आम्ही पंचवीस-तीस पोरे बसत असू आणि 'आमची माती, आमची माणसं'सुद्धा, कोणाच्या नावावर गुंठाभर शेत नसताना, टक लावून पाहत असू. १९९१ नंतर उपग्रहावरून खासगी वाहिन्या उतरू लागल्या. तोपर्यंत साऱ्या देशात दूरदर्शन हे एकच दुकान होते आणि त्याची किल्ली सरकारच्या कमरेला. 'हमारा शहर' दाखवा, असे पटवर्धनांनी म्हटले. एका सरकारी मंडळाने त्याला प्रमाणपत्र दिले आहे, दुसऱ्याने पारितोषिक दिले आहे. मग तिसरे सरकारी खाते तो लोकांपासून का दडविते, असा हा साधा प्रश्न. उत्तर मिळायला न्यायालयात चार वर्षे लागली. त्यानंतर चित्रपट दूरदर्शनवर दिसला.

हा त्यांचा पहिला खटला. त्यांनी त्याची सवयच लावून घेतली. पंजाबातल्या अतिरेकाच्या काळावरचा, भगतसिंगांच्या विचारांचा धागा धरून काढलेला १९९० चा 'उन मित्राँ दी याद प्यारी' : मुंबई उच्च न्यायालयाने दूरदर्शनला तो दाखवावयास लावला. अयोध्येच्या वादावरचा, बाबरी मशीद पाडली जाण्याच्या थोडेच आधी पुरा झालेला 'राम के नाम' : राष्ट्रीय पारितोषिक असूनही दूरदर्शनवर दिसायला १९९७ उजाडले. १९९५ चा 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' : हा तर थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला.

या लढाईत ते एकटे नव्हते, हेही सांगितले पाहिजे. भोपाळच्या वायुकांडावर तपन बोस आणि सुहासिनी मुळे यांनी काढलेला अनुबोधपट दूरदर्शनने नाकारला होता. विषय शिळा झाला, मांडणी संयमाची नाही, राजकीय पक्ष त्याचा उपयोग करतील, अशी कारणे. १९९२ साली सर्वोच्च न्यायालयाने ती सगळी बाजूला सारली. सरकारवर टीका आहे एवढ्यावरून सरकारी पैशावर चालणारे माध्यम चित्रपट नाकारू शकत नाही, असा त्या निकालाचा गाभा. १९९५ साली आणखी एक निकाल लागला, आणि गंमत अशी की भांडण होते क्रिकेटच्या सामन्यांचे प्रक्षेपण कोणी करावे याचे! त्यात न्यायमूर्ती पी. बी. सावंत या आपल्या मराठी न्यायाधीशांच्या पीठाने ठरविले, की आकाशातल्या प्रक्षेपणलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे. ती सरकारच्या मालकीची नव्हे आणि शेठजींच्याही नव्हे, तिचा विनियोग लोकांच्या हितासाठी झाला पाहिजे. घटनेच्या एकोणिसाव्या कलमातल्या भाषणस्वातंत्र्यात नुसता बोलणाऱ्याचा हक्क येत नाही, ऐकणाऱ्याचा आणि पाहणाऱ्याचाही येतो. हे मी माझ्या शब्दांत सांगितले. वकील मंडळींनी क्षमा करावी.

'पितृ, पुत्र...'च्या वेळी दूरदर्शनचे म्हणणे असे, की या चित्रपटाने लोक भडकतील, आणि शिवाय त्याच्या दुसऱ्या भागाला प्रौढांपुरते प्रमाणपत्र आहे. २५ ऑगस्ट २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. चित्रपट तुकड्यातुकड्यांनी पाहून चालत नाही, तो अखंड पाहिला पाहिजे, आणि तोही साधारण समजूतदार माणसाच्या नजरेने, दुबळ्या किंवा चळलेल्या मनाच्या माणसाच्या नजरेने नव्हे. काटछाट न करता दाखवा, असा हुकूम झाला. चित्रपट तयार झाला १९९५ मध्ये, घराघरांत दिसला २००६ मध्ये. अकरा वर्षे! आम्ही कामगार न्यायालयात वर्षानुवर्षे हेलपाटे घालतो, तेव्हा नवे सभासद विचारतात, निवाडा लागेल तेव्हा मी कामावर असेन का? निर्मात्याचा प्रश्न वेगळा नाही. मुंबई १९९३ च्या दंगलीनंतर धुमसत होती तेव्हा जो चित्रपट दिसायला हवा होता, तो त्या वेळी पाळण्यात असलेली मुले मिसरूड फुटायला आल्यावर दिसला.

मला स्वतःला हा चित्रपट त्यांच्या इतर चित्रपटांइतका आवडत नाही. धर्म, पुरुषत्व, सती, दंगल, जाहिराती, सगळे एका पोत्यात भरले आहे असे वाटते. आमच्या खोलीतही यावर मतभेद झाले, बायका माझ्याविरुद्ध होत्या. पण आवडणे आणि दाखविणे या दोन गोष्टी निराळ्या आहेत. न आवडणारा चित्रपट पाहून नावे ठेवण्याचा माझा हक्क तरी अकरा वर्षे कोणी का अडवावा?

कोणी म्हणेल, हे चित्रपट एकांगी असतात. असतात. पटवर्धन ते लपवीत नाहीत. कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारणारा त्यांचा आवाज आपल्याला ऐकू येतो, आणि समोरचा माणूस त्यांच्या विरोधात बोलत असेल तर तेही पुरते ऐकू येते. दुसऱ्या प्रकारचा एकांगीपणा मी अनुभवला आहे. एका टाळेबंदीच्या वेळी एका वाहिनीची गाडी आमच्या गेटवर आली. दोन तास चित्रण झाले. बायाबापड्यांनी पगार किती, थकबाकी किती, सगळे सांगितले. रात्री आम्ही वीस-पंचवीस जण एका घरात बातम्या लावून बसलो. दिसले काय? एका पोराने हात उगारलेला, आणि खाली पट्टी : कामगार आक्रमक. मोजून काही सेकंद. त्यात खोटे काहीच नव्हते, हात त्याने उगारला होता. सांगितलेले मात्र सगळे कोठेतरी कापून पडले होते. त्या रात्रीपासून मी कोणताही चित्रपट पाहताना काय कापले असेल याचा आधी विचार करतो.

दूरदर्शनप्रमाणेच परिनिरीक्षण मंडळाशी, म्हणजे आपण सेन्सॉर म्हणतो त्याच्याशी, पटवर्धनांचे वाद झाले. १९९८ च्या मे महिन्यात पोखरणला अणुस्फोट झाले, त्यानंतर त्यांनी 'जंग और अमन' काढला. मंडळाने अनेक ठिकाणी कापायला सांगितले, ते कापेनात. २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने तो जसाच्या तसा मोकळा केला, आणि पुढे त्यालाच राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. २००४ साली मुंबईच्या सरकारी अनुबोधपट महोत्सवाने अनेक चित्रपट नाकारले, तेव्हा निर्मात्यांनी एकत्र येऊन जवळच्याच भूपेश गुप्ता भवनात 'विकल्प' नावाने आपला महोत्सव भरविला. हे मात्र आमच्या पद्धतीचे काम झाले. मालकाने सभागृह नाकारले, की युनियन रस्त्यापलीकडे मांडव घालते.

वेळ किती महाग असतो हे पुढे सांगेन म्हणालो होतो. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाल्याचे उघडकीस आले, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. हेच घोगरे बारा वर्षांपूर्वी 'हमारा शहर'मध्ये गायले होते. पटवर्धनांनी त्या मृत्यूचा माग काढायला सुरुवात केली आणि चित्रपट पुरा झाला तो २०११ साली. चौदा वर्षे. नाव 'जय भीम कॉम्रेड', लांबी सुमारे तीन तास. वस्त्यांतले शाहीर, सफाई कामगार, न्यायालयात लोंबकळणारे खटले, निवडणुकांबरोबर बदलणारे पुढारी. चौदा वर्षे माग काढल्याशिवाय हे दिसले नसते, कारण एका वर्षात पुढारी बदलत नाहीत, ते बदलायला चौदा वर्षे लागतात.

२०१८ च्या 'विवेक'मध्ये ते दाभोळकर-पानसरे यांच्या खुनांकडे वळले. कॉम्रेड गोविंद पानसरे हे आम्हा कामगार कार्यकर्त्यांचे वडीलधारे. अशा व्याख्यानमालांतून ते आयुष्यभर बोलत आले. २०१९ साली केरळच्या महोत्सवात हा चित्रपट दाखविण्यास केंद्रीय मंत्रालयाने सूट दिली नाही, तेव्हा केरळ उच्च न्यायालयाने ती दिली. अलीकडच्या 'वसुधैव कुटुंबकम्'मध्ये मात्र न्यायालय नाही की पोलिस नाहीत. आपले म्हातारे आईवडील आणि काकामंडळी यांचीच गोष्ट त्यांनी सांगितली आहे.

आता वाहिन्या शेकड्यांनी आहेत. तरी 'जय भीम कॉम्रेड' आम्हाला पाहायचा होता तेव्हा तो कोणत्याही वाहिनीवर सापडला नाही. तबकडी मागवावी लागली. प्रक्षेपकयंत्र एका क्लासवाल्यांकडून मागून आणले. पाऊस होता. साठ-सत्तर माणसे खोलीत आणि जिन्यावर. मध्येच वीज गेली, अर्ध्या तासाने आली, कोणी उठले नाही. साडेनऊच्या सुमारास रात्रपाळीचा एक सफाई कामगार मात्र उठला. त्याला हजेरी चुकवता येण्याजोगी नव्हती. दुसऱ्या दिवशी सकाळी मी खोली उघडायला गेलो तर तो पायरीवर बसलेला, पाळी करून तसाच आलेला. म्हणाला, "साहेब, पुढचे लावा." यंत्र परत गेले होते. मग कचेरीतल्या संगणकावर, तो उठला होता तेथपासून, आम्ही दोघांनी राहिलेला भाग पाहिला.